प्लेगची लस आणि राज्यसत्ता : मुंबई इलाख्यातील जीवशास्त्रीय संशोधनाचा एक अध्याय (१८९६–१९०७)

महाराष्ट्रातील १८९६ नंतरच्या प्लेगचा इतिहास वाचकास सामान्यतः दोन निरनिराळ्या ग्रंथांत शोधावा लागतो. राजकीय इतिहासाचे लेखक रँडची नियुक्ती, पुण्यातील घरझडत्या, चाफेकर बंधू आणि लोकमान्य टिळकांवरील खटला यांचे विस्ताराने निवेदन करतात. त्यांच्या निवेदनात रोगजंतू हा केवळ निमित्तमात्र असतो. वैद्यकाचे इतिहासकार हाफकिन यांची लस, सायमंड यांचा पिसवांवरील शोध आणि परळची प्रयोगशाळा यांची हकीगत सांगतात. त्यांच्या ग्रंथांत १८९७ चे पुणे एखाद्या ओळीत आटोपते. ही वाटणी सोयीची असली तरी वस्तुस्थितीला धरून नाही. ज्या वर्षी मुंबईत लस सिद्ध झाली त्याच वर्षी पुण्यात रँडचा वध झाला, आणि या दोन्ही घटनांच्या मुळाशी एकच प्रश्न होता. शरीरासंबंधीचे ज्ञान सरकारच्या हातून लोकांपर्यंत पोचते, तेव्हा त्यावर विश्वास कोणी, कोणाच्या शब्दावर व का ठेवावा, हा तो प्रश्न होय.

या प्रश्नाचे उत्तर लोकांनी एका रीतीने दिले आणि सरकारने दुसऱ्या. लोकांनी लस ही सरकारच्या सक्तीचाच एक अवयव मानली. सरकारने ती आपल्या प्रतिष्ठेची बाब मानली. पहिल्या समजुतीची किंमत असंख्य माणसांना आणि दुसरीची किंमत लशीच्या जनकाला द्यावी लागली. प्रयोगशाळेतील पुरावा स्वतःच्या बळावर उभा राहील अशी परिस्थिती या दोहोंपैकी एकाही बाजूला नव्हती.

प्रथम घटनाक्रम. २३ सप्टेंबर १८९६ रोजी डॉ. अकासिओ व्हिएगस यांनी मुंबईच्या मांडवी विभागातील रोग हा गाठीचा प्लेग असल्याचे निदान केले. दोनच वर्षांपूर्वी, १८९४ मध्ये, हाँगकाँग येथे येरसँ आणि कितासातो यांनी या रोगाचा जंतू पाहिला होता. म्हणजे रोगाचे कारण ठाऊक होते, परंतु तो एका देहातून दुसऱ्या देहात कसा जातो हे ठाऊक नव्हते. ही मधली पोकळी पुढील सर्व अनर्थांच्या संदर्भात लक्षात ठेवण्याजोगी आहे. मुंबई हे व्यापाराचे बंदर. हज यात्रेचाही तोच मार्ग. युरोपीय राष्ट्रे हिंदुस्थानच्या मालावर व प्रवाशांवर बंदी घालतील या भीतीने सरकारला घेरले. फेब्रुवारी १८९७ मध्ये व्हेनिस येथे आंतरराष्ट्रीय आरोग्यपरिषद भरणार होती. तत्पूर्वीच, ४ फेब्रुवारी रोजी, साथीच्या रोगांचा कायदा संमत झाला. घरात शिरणे, प्रवासी अडविणे, रोग्यास हलविणे, मालमत्ता नष्ट करणे, असे कोणतेही उपाय योजण्याचा अधिकार या त्रोटक कायद्याने सरकारला दिला. (हाच कायदा मार्च २०२० मध्ये कोरोनाच्या साथीत पुन्हा उपयोगात आणला गेला.) कायद्याचा जन्म अशा रीतीने रोग्याच्या खाटेपाशी झाला नव्हता, तो बंदराच्या धक्क्यावर झाला होता.

नाशिक हे मुंबईशी लोहमार्गाने थेट जोडलेले आणि यात्रेकरूंचे ठिकाण असल्यामुळे तो जिल्हा या साथीतून सुटणे शक्यच नव्हते. १८९९ मध्ये नाशिकजवळील भगूर येथे दामोदरपंत सावरकर प्लेगने वारले. त्यांचे बंधूही त्याच रोगाला बळी पडले. दामोदरपंतांच्या मुलांपैकी गणेश आणि नारायण हे दोघे बाधा होऊनही वाचले. कुटुंब नाशिकास आले, आणि विनायक सावरकर व त्यांचे सोबती यांनी तेथे जो ‘मित्रमेळा’ स्थापन केला त्याचा प्रारंभ नेमका याच प्लेगच्या दिवसांतला आहे. प्लेगमुळे क्रांतिकारक चळवळ जन्मली असे म्हणणे अर्थातच भाबडेपणाचे होईल. तिची मुळे अन्यत्रही होती, आणि १९०९ मध्ये नाशिकच्या नाट्यगृहात कलेक्टर जॅक्सन यांचा वध झाला तोपर्यंत तिला बरीच निराळी कारणे मिळाली होती. परंतु ज्या पिढीने ही चळवळ केली तिने सरकारचे पहिले जवळून दर्शन अनेकदा प्लेगच्या छावणीत, तपासणीच्या फाटकाशी व जप्त केलेल्या अंथरुणापाशी घेतले होते, ही गोष्ट दुर्लक्षिण्यासारखी नाही.

आता लशीकडे वळू. वाल्देमार हाफकिन यांचा जन्म १८६० मध्ये ओडेसा येथे एका ज्यू कुटुंबात झाला. ते वैद्य नव्हते, प्राणिशास्त्रज्ञ होते. मेचनिकॉफ हे त्यांचे गुरू. विद्यार्थिदशेत झारशाहीविरुद्धच्या चळवळीत भाग घेतल्याबद्दल त्यांना अटक झाली होती, आणि धर्मांतर केल्याविना विद्यापीठात अध्यापकपद मिळणार नाही ही अट त्यांनी नाकारली होती. पॅरिसच्या पाश्चर संस्थेत त्यांनी ग्रंथपालाच्या कामापासून आरंभ केला. तेथे पटकीची लस तयार करून १८९२ मध्ये ती प्रथम स्वतःला टोचून घेतली. हिंदुस्थानात येण्याची वाट त्यांना मोकळी झाली ती पॅरिसमधील ब्रिटिश राजदूत लॉर्ड डफरिन यांच्या साह्याने. डफरिन हे पूर्वी हिंदुस्थानचे व्हाइसरॉय होते. रशियाचा प्रजाजन, वैद्यकाची पदवी नाही, सरकारी वैद्यकसेवेचा सभासद नाही, आणि शिफारस मात्र एका माजी व्हाइसरॉयची, अशा विलक्षण स्थितीत हे संशोधक १८९३ मध्ये कलकत्त्यास उतरले. पुढे त्यांच्याविषयी जे घडले त्याचे बीज या पहिल्या दिवसातच होते असे म्हणण्यास प्रत्यवाय नाही.

ऑक्टोबर १८९६ मध्ये सरकारने त्यांना मुंबईस पाठविले. ग्रँट वैद्यक महाविद्यालयातील एका लहानशा जागेत, तुटपुंज्या मनुष्यबळावर, सुमारे तीन महिन्यांत त्यांनी प्लेगची लस सिद्ध केली. तिची कृती मोठी बोधक आहे. जंतू वाढविण्यासाठी मांसाचा काढा लागतो. युरोपातील प्रयोगशाळांत तो गोमांसाचा असे. हाफकिन यांनी हिंदूंसाठी गाय आणि मुसलमानांसाठी डुक्कर वर्ज्य ठरवून बोकडाचे मांस वापरले. काढ्याच्या पृष्ठभागावर तुपाचे थेंब सोडले की त्यांना लगटून जंतू खाली लोंबत्या झुंबराप्रमाणे वाढत. ही वाढ हलवून खाली पाडावयाची, पुन्हा नवी येऊ द्यावयाची, असे काही आठवडे केल्यावर सर्व द्रव तासभर तापवून जंतू मारावयाचे आणि शेवटी अर्धा टक्का कार्बोलिक अम्ल मिसळावयाचे. बोकड आणि तूप ही निवड जंतूंच्या आवडीनिवडीवरून झाली नव्हती. ती समाजाच्या आवडीनिवडीवरून झाली होती. शाकाहारी जातींचा आक्षेप त्याने मिटण्यासारखा नव्हता, ही गोष्ट निराळी. १० जानेवारी १८९७ रोजी हाफकिन यांनी ही लस स्वतःला टोचून घेतली. ती मात्रा पुढे सामान्य माणसासाठी ठरलेल्या मात्रेहून कितीतरी अधिक होती.

यानंतरचे प्रयोग कोठे झाले याची यादी पाहिली असता एक गोष्ट ठळकपणे नजरेत भरते, आणि तिच्याकडे अभ्यासकांचे द्यावे तितके लक्ष गेलेले दिसत नाही. पहिला प्रयोग जानेवारी १८९७ च्या अखेरीस भायखळ्याच्या तुरुंगात झाला. तेथे प्लेग शिरला होता. सुमारे निम्मे बंदी टोचून घेण्यास पुढे आले, उरलेले तसेच राहिले, आणि दोन्ही गटांची तुलना करता आली. बंद्याच्या संमतीला कितपत अर्थ असतो हा प्रश्न त्या वेळी कोणी गंभीरपणे विचारल्याचे दिसत नाही. दुसरा मोठा प्रयोग दमण येथे झाला. दमण पोर्तुगिजांच्या ताब्यात होते. तेथील ८,२३० लोकांपैकी २,१९७ जणांनी लस घेतली, त्यांतील ३६ मेले. न घेतलेल्या ६,०३३ पैकी १,४८२ मेले. मुंबईत लशीला खरा आश्रय मिळाला तो खोजा समाजात, कारण तरुण आगाखानांनी लोकांदेखत स्वतःला लस टोचून घेतली आणि पुढे प्रयोगशाळेसाठी आपली वास्तूही दिली. चौथा आणि शास्त्रीयदृष्ट्या सर्वांत काटेकोर प्रयोग फेब्रुवारी १८९८ मध्ये बडोद्याजवळील उंढेरा गावी झाला. तो मुलूख सयाजीराव गायकवाडांचा. आणि हे सयाजीराव मूळचे नाशिक जिल्ह्यातील मालेगावजवळच्या कवळाणे गावचे, हे येथे सहज नमूद करावयास हरकत नाही.

उंढेऱ्याची पद्धत अशी होती. प्रत्येक कुटुंबातील माणसे वय, लिंग व प्रकृती पाहून दोन सारख्या गटांत विभागली आणि त्यांपैकी एकाच गटाला लस टोचली. त्यामुळे घर तेच, अन्न तेच, अंगणही तेच, आणि भेद एवढाच की एक भाऊ टोचलेला व दुसरा न टोचलेला. पुढे ज्या २८ कुटुंबांत प्लेग शिरला त्यांत टोचलेली माणसे ७१ होती; त्यांपैकी ८ जणांना रोग होऊन ३ मेली. न टोचलेली ६४ होती. त्यांपैकी २७ जणांना रोग झाला आणि २६ मेली. तुलनेसाठी नियंत्रित गट ठेवून मनुष्यावर केलेल्या लशीच्या प्रारंभीच्या प्रयोगांत याची गणना करणे योग्य ठरेल. आकडे निःसंदिग्ध आहेत. तितकेच ते अस्वस्थ करणारे आहेत. त्या २६ माणसांना लस न देण्याचा निर्णय प्रयोगाच्या रचनेतच अंतर्भूत होता. भर साथीत हाती असलेले औषध अर्ध्या घरापासून दूर ठेवावे की नाही, यावर आजचे वैद्यकीय नीतिशास्त्र काय म्हणेल हे सांगण्याची आवश्यकता नाही.

मूळ मुद्दा हा की, तुरुंग, पोर्तुगिजांचे दमण, आगाखानांचा अनुयायीवर्ग आणि गायकवाडांचे संस्थान ही चारही ठिकाणे अशी होती की जेथे ब्रिटिश सरकार आणि सामान्य प्रजाजन यांचा नेहमीचा संबंध लागू नव्हता. कोठे सत्ता संपूर्ण होती, कोठे ती दुसऱ्याची होती, कोठे मध्ये आपला असा एक विश्वासू माणूस उभा होता. जीवशास्त्रीय पुरावा या बेटांवर गोळा होत गेला. ब्रिटिश मुलखात हुबळीसारख्या गावी लोकांनी फार मोठ्या संख्येने लस घेतली हे खरे. परंतु तेथेही टोचून घेतलेल्यास विलगीकरणातून सूट मिळत असे, हे त्या संख्येकडे पाहताना विसरता येत नाही.

पुण्यात नेमके याच्या उलट घडले. फेब्रुवारी १८९७ मध्ये वॉल्टर चार्ल्स रँड हे पुण्याच्या प्लेग समितीचे अध्यक्ष झाले. १३ मार्च ते १९ मे या काळात गोऱ्या सैनिकांच्या तुकड्यांनी घरोघर झडत्या घेतल्या. या मोहिमेचा भर रोगी हुडकण्यावर, विलगीकरणावर आणि घरे धुण्यावर होता. लस टोचण्यावर नव्हता. २२ जून रोजी, राणीच्या राज्यारोहणाच्या हीरकमहोत्सवाच्या रात्री, गणेशखिंड रस्त्यावर रँड व आयर्स्ट यांच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या. आयर्स्ट तत्काळ आणि रँड ३ जुलै रोजी मरण पावले. पुढचा इतिहास सर्वविदित आहे. टिळकांना सप्टेंबरमध्ये राजद्रोहाबद्दल अठरा महिन्यांची शिक्षा झाली. दामोदर चाफेकरांना १८ एप्रिल १८९८ रोजी फाशी दिले गेले. याच प्रकरणातील गोपाळ कृष्ण गोखले यांची हकीगत मात्र पुराव्याच्या स्वरूपाच्या दृष्टीने अधिक उद्बोधक आहे. सैनिकांच्या अत्याचारांची पुण्याहून पत्रांनी कळलेली वार्ता त्यांनी इंग्लंडमध्ये प्रसिद्ध केली. सरकारने साक्षीदार मागितले. पत्रलेखकांची नावे उघड करणे अशक्य झाल्याने परतल्यावर गोखल्यांना जाहीर क्षमा मागावी लागली. प्रजाजनाच्या कथनाला पुरावा म्हणून दर्जा नव्हता. तो दर्जा केवळ नोंदवहीला होता, आणि नोंदवही सरकारची होती.

लस ऐच्छिक आहे असे सरकार वारंवार सांगत असे, आणि कायद्याच्या भाषेत ते खरेही होते. मराठीत ‘टोचणे’ आणि ‘टोचून घेणे’ या दोन क्रियांत जो भेद आहे तो येथे मोठा अर्थपूर्ण ठरतो. ‘घेणे’ हे सहायक क्रियापद लागताच कर्त्याची इच्छा व्यक्त होते. नुसत्या ‘टोचणे’ या क्रियेत इच्छा टोचणाऱ्याची असते, ज्याला टोचले जाते तो केवळ कर्म असतो. सरकारची भूमिका ‘लोकांनी टोचून घ्यावे’ ही होती. बाजारातील वार्ता ‘सरकार टोचते’ अशी होती. ही वार्ता केवळ अज्ञानातून उद्भवली नव्हती. या शब्दाला मागचा इतिहास होता. देवीच्या लशीचा मुंबईत प्रवेश १८०२ मध्ये झाला, आणि १८७७ च्या कायद्याने शहरात मुलांना देवी टोचणे सक्तीचे झाले होते. ‘टोचणे’ या शब्दाशी सरकारी माणूस, नोंद आणि दंड ही साहचर्ये वीस वर्षांत दृढ झाली होती. त्यातच, लस टोचणारा डॉक्टर आणि झडती घेणारा अधिकारी यांचा पोशाख एक, छावणी एक, वरिष्ठही एक. सुई ऐच्छिक आहे आणि झडती सक्तीची आहे हा भेद कागदावर स्पष्ट असला, तरी दारात उभ्या असलेल्या मंडळींकडे पाहून तो ओळखता येण्यासारखा नव्हता.

१८९८ पासून टोचून घेतलेल्यांना दाखले मिळू लागले, आणि दाखला असलेल्यास प्रवासातील अटकाव व विलगीकरण यांतून सूट मिळू लागली. व्यवहारदृष्ट्या ही सोय होती. परंतु तिचे दोन परिणाम झाले. एक म्हणजे ऐच्छिक लस अर्धी सक्तीची झाली. ज्याला नोकरीसाठी वा व्यापारासाठी गाडीत बसणे भाग होते त्याची निवड मुक्त राहिली नाही. दुसरा परिणाम शास्त्राला बाधक होता. टोचलेल्यांच्या गटात फिरती, रोजगार असलेली, तुलनेने धडधाकट माणसे अधिक भरली आणि न टोचलेल्यांत वृद्ध, दरिद्री व आजारी अधिक राहिली. अशा दोन गटांतील मृत्यूंची तुलना करताना लशीचा गुण किती आणि निवडीचा परिणाम किती हे वेगळे काढणे अवघड होते. एडिंबरोचे प्राध्यापक फ्रेझर यांच्या अध्यक्षतेखालील प्लेग आयोगाने १८९८–९९ मध्ये हिंदुस्थानभर साक्षी घेतल्या. आयोगाने हाफकिन यांच्या काही आकडेवारीवर व लशीच्या मात्रेतील कमीअधिकपणावर टीका केली. तरी लशीने रोगाचे व मृत्यूचे प्रमाण कमी होते हे त्याने मान्य केले. म्हणजे लस शास्त्राच्या कसोटीस उतरली होती. ती राज्यकारभाराच्या कसोटीस उतरली नव्हती.

याच सुमारास रोगाच्या प्रसाराचे कोडे सुटले, आणि ते सुटूनही कोणाला पटले नाही. पाश्चर संस्थेचे पॉल-लुई सायमंड यांनी १८९८ मध्ये कराची येथे दाखवून दिले की मेलेल्या उंदराच्या अंगावरील पिसवा रोग दुसऱ्या उंदरापर्यंत नेतात. फ्रेझर आयोगाने हे मत स्वीकारले नाही. आयोगाची आणि सरकारची दृष्टी माणूस, माणसाची वस्त्रे आणि घरातील घाण यांवर खिळलेली होती; म्हणून घरे कार्बोलिकने धुतली जात, कौले काढून ऊन आत घेतले जाई, अंथरुणे जाळली जात.

लोकभाषेत मात्र या बाबतीत एक निरीक्षण स्थिर झाले होते. मराठी मुलखात ‘उंदीर पडले’ एवढे म्हणताच पुढचा अर्थ सांगावा लागत नसे. घरात उंदीर मरून पडू लागले की आता गाठी येणार, हे ओळखून गावेच्या गावे रानात झोपड्या बांधून राहावयास जात. या रोगाच्या नावाची कथाही याच्याशी निगडित आहे. देवी, गोवर, मरीआई अशी जुन्या साथींची नावे लोकांची स्वतःची. त्यांतील कित्येकांना देवत्व लाभलेले. नव्या रोगासाठी वैद्यांनी ‘ग्रंथिक सन्निपात’ हा संस्कृत शब्द योजला, तो वर्तमानपत्रांत काही काळ वावरला; परंतु लोकांच्या तोंडी ‘प्लेग’ हा सरकारी शब्दच बसला. नाव सरकारचे, लक्षण मात्र लोकांचे: ‘गाठ’ आणि ‘उंदीर पडणे’. गाव सोडून जाण्याचा उपाय सर्वांत गुणकारी ठरतो हे सरकारी अधिकाऱ्यांच्याही अनुभवास आले. त्याचे कारण त्यांना देता येत नव्हते. ते कारण उंदरांपासून आणि त्यांच्या पिसवांपासून दूर जाणे हेच होते. झडती टाळून पळणारा शेतकरी आरोग्याचा शत्रू आहे असे ज्या काळी अहवालांतून लिहिले जात होते, त्या काळी त्या शेतकऱ्याचे वर्तन पुष्कळदा शास्त्राच्या अधिक जवळ होते. हे विधान अर्थात मर्यादेने घेतले पाहिजे. पळणाऱ्यांच्या बोचक्यांतून पिसवाही प्रवास करीत, हे नाकारता येत नाही.

सायमंड यांचा पक्ष सिद्ध झाला तो परळलाच. १८९९ च्या ऑगस्टमध्ये हाफकिन यांची प्रयोगशाळा परळच्या जुन्या राजभवनात आली होती. १९०५ पासून तेथे नव्या संशोधक मंडळाने काम सुरू केले. प्लेगच्या घरांत गिनीपिगांचे पिंजरे ठेवण्यात आले. जमिनीपासून दोन इंचांवर टांगलेले प्राणी मेले, दोन फुटांवर टांगलेले जगले, कारण तेथवर पिसूची उडी पोचत नव्हती. लाखो रुपयांच्या कार्बोलिकने जे साधले नव्हते ते एका पिंजऱ्याच्या उंचीने उमगले. परंतु त्या वेळी प्रयोगशाळेच्या मूळ संस्थापकाला तेथे स्थान उरले नव्हते.

त्याचे कारण मुल्कोवाल. १९०२ मध्ये पंजाब सरकारने लस टोचण्याची विराट मोहीम आखली. मागणी इतकी प्रचंड होती की जुन्या कृतीने ती पुरविणे अशक्य झाले. तेव्हा हाफकिन यांनी पाश्चर संस्थेतील पद्धतीस अनुसरून लस लवकर सिद्ध होईल अशी नवी कृती स्वीकारली आणि तीत कार्बोलिक अम्ल गाळले, निर्जंतुकीकरण उष्णतेवर सोपविले. ३० ऑक्टोबर १९०२ रोजी गुजरात जिल्ह्यातील (हे गुजरात पंजाबातले) मुल्कोवाल गावी १०७ जणांना लस टोचण्यात आली. सुमारे आठवड्याने त्यांपैकी १९ जणांना धनुर्वाताची लक्षणे दिसू लागली, आणि ते सर्व मरण पावले. ते सर्व ५३-एन या एकाच बाटलीतून टोचलेले होते. इतर बाटल्यांतून टोचलेल्यांपैकी कोणालाही काही झाले नाही.

चौकशीसाठी मुंबईचे सरन्यायाधीश सर लॉरेन्स जेन्किन्स आणि दोन वैद्यक अधिकारी यांचे मंडळ नेमले गेले. प्रश्न सोपा होता: धनुर्वाताचे जंतू बाटलीत परळला शिरले की मुल्कोवालला? मंडळाने निर्णय दिला की बाटली उघडण्यापूर्वीच दूषित होती. हाफकिन यांना पदावरून दूर करण्यात आले आणि १९०४ मध्ये ते युरोपास गेले.

या निर्णयाविरुद्धचा पुरावा मंडळासमोर आलेल्या साक्षींतच होता. मुल्कोवाल येथील सहायकाने सांगितले होते की बाटलीचे बूच काढण्याचा चिमटा त्याच्या हातून जमिनीवर पडला. तो ज्योतीत तापविण्याऐवजी कार्बोलिकच्या पाण्यात बुचकळून तसाच वापरण्यात आला. धनुर्वाताचे जंतू मातीत असतात, आणि तेवढ्या धुण्याने ते मरत नाहीत. शिवाय, बाटली भरल्यापासून उघडेपर्यंत कित्येक आठवडे लोटले होते. एवढा काळ ते जंतू आत वाढत राहिले असते तर विष साचून लक्षणे फार लवकर दिसली असती आणि द्रवाला दुर्गंधी आली असती. बाटली उघडताना तसे काही आढळल्याची नोंद नव्हती. जंतुशास्त्राच्या सामान्य विद्यार्थ्यासही पटेल असा हा युक्तिवाद. पण तो करण्याची संधीच आरोपीला मिळाली नाही. संपूर्ण कागदपत्रे कित्येक वर्षे प्रसिद्ध झाली नाहीत.

न्यायाधीश अप्रामाणिक होते असे मानण्यास आधार नाही. तथापि दोन पर्यायांचे राजकीय वजन सारखे नव्हते हे स्पष्ट आहे. दोष मुल्कोवालचा ठरता, तर पंजाबातील संपूर्ण मोहीम, तिची घाई, तिचे अपुरे शिक्षित मनुष्यबळ आणि पर्यायाने प्रांतिक सरकार आरोपीच्या पिंजऱ्यात उभे राहिले असते. दोष परळचा ठरता, तर तो एका माणसाचा ठरत होता. आणि तो माणूस परका, ज्यू, वैद्यकसेवेबाहेरचा होता. कृती बदलली ती सरकारच्या मागणीपायी, ही बाबही या दुसऱ्या पर्यायात झाकली जात होती. पुढील लेखकांनी या प्रकरणाची तुलना फ्रान्समधील ड्रायफस खटल्याशी केली. ती थोडी ताणलेली आहे. येथे कोणी खोटी कागदपत्रे रचली नव्हती. येथे प्रमाद निराळा, कदाचित अधिक नित्याचा होता: जो निष्कर्ष व्यवस्थेला सोयीचा तो पुराव्याच्या आधी मनात ठरणे.

हाफकिन यांच्या बाजूने इंग्लंडमध्ये प्रा. सिम्प्सन आणि रोनाल्ड रॉस उभे राहिले. हिवतापावरील संशोधनासाठी नोबेल पारितोषिक मिळविलेले रॉस स्वतः त्याच वैद्यकसेवेतील निवृत्त अधिकारी होते, म्हणून त्यांच्या शब्दाला विशेष भार आला. जुलै १९०७ मध्ये लंडनच्या ‘टाइम्स’ने दहा जंतुशास्त्रज्ञांच्या सहीचे पत्र छापले, आरोप सिद्ध झालेला नाही, इतकेच नव्हे तर तो खोडला गेला आहे, असा त्याचा आशय होता. पार्लमेंटात प्रश्न विचारले गेले. वर्षअखेरीस सरकारने हाफकिन यांना पुन्हा कामावर बोलावले. पुरावा १९०३ मध्ये होता तोच १९०७ मध्ये होता. बदलले होते ते तो मांडणाऱ्यांचे स्थान. गोखल्यांच्या पत्रलेखकांना दहा नामांकित सह्यांचे बळ लाभले नव्हते, हे येथे आठवल्याशिवाय राहत नाही.

परळचे संचालकपद त्यांना परत मिळाले नाही. ते वैद्यकसेवेतील बॅनरमन यांच्याकडे गेले होते. उंढेऱ्याच्या प्रयोगात हाफकिन यांचे सहकारी होते ते हेच. हाफकिन यांना कलकत्त्यास नेमण्यात आले, आणि वयाची पंचावन्न वर्षे होताच त्यांनी निवृत्ती घेऊन देश सोडला. पंजाबातील मोहीम मुल्कोवालनंतर ढासळली होती, आणि पुढील काही वर्षांत त्या प्रांतात प्लेगने भयंकर संहार केला. त्यातील किती मृत्यू प्लेगच्या खात्यावर आणि किती त्या एका बाटलीच्या चौकशीच्या खात्यावर लिहावयाचे, याचा हिशेब सरकारी अहवालांत मांडलेला नाही.

१९२५ मध्ये परळच्या प्रयोगशाळेला हाफकिन यांचे नाव देण्यात आले, तेव्हा ते हयात होते व युरोपात राहत होते. १८९७ पासून तोपर्यंत मुंबईहून बाहेर गेलेल्या प्लेगच्या लशीच्या मात्रांची संख्या सुमारे २ कोटी ६० लक्ष झाली होती.